न बसणारी घडी

व्हिडिओ ही वस्तू आपल्या घरांत शिरली ती बहुतांशी लग्नाच्या मार्गाने. १९८० च्या दशकात कळवण, सटाणा अशा तालुक्याच्या गावी एका रात्रीच्या भाड्याने व्हीसीआर येत असे आणि त्याच सुमारास लग्नाची कॅसेट काढण्याची रीत पडली. पुढे कॅसेट गेली, सीडी गेली, तोच ऐवज आता मोबाईलमध्ये आला. दृष्टी मात्र बदलली नाही. वधूचा चेहरा गुलाबाच्या पाकळ्यांतून उमलतो, व्याही मंडळी हसतमुखाने आहेर घेऊन उभी राहतात, मागे सिनेगीत वाजत असते. आदल्या रात्री देण्याघेण्यावरून झालेली बोलाचाली, मांडवाच्या कोपऱ्यात बसवलेली विधवा आत्या, मुलीच्या आईने तोंडात धरलेला पदर, यांतले काही त्या चित्रफितीत सापडायचे नाही. मंगल प्रसंगी असेच असावे, हेही रास्त आहे. तथापि कुटुंबाचे चित्रण म्हणजे एवढेच, अशी आपल्या डोळ्यांना सवय लागून गेली आहे. ज्या कलेविषयी मी आज लिहीत आहे ती नेमकी या सवयीच्या आड येते.

गेल्या अर्धशतकात जगभरच्या काही चित्रकारांनी कुंचल्याबरोबर कॅमेरा हाती घेतला आणि व्हिडिओ हे आपले माध्यम मानले. त्यांच्या या कृतींत गोष्ट नसते. असली तरी तिला शेवट नसतो. एकच क्रिया पुनःपुन्हा घडते, किंवा क्षणभराची क्रिया दहा मिनिटे ताणली जाते. पडद्यासमोर खुर्ची टाकून बसण्याऐवजी प्रेक्षक एका खोलीत शिरतो. भिंतींवर चित्रे हलत असतात, जमिनीवर वस्तू मांडलेल्या असतात. मराठीत अशा रचनेला मांडणशिल्प म्हणू लागले आहेत. अशा कृतींचा आवडता विषय घर हाच आहे, आणि घरातील सुखापेक्षा घरातील अस्वस्थता.

ती कशी पाहावी, याचा एक सोपा पाठ आपल्या परिचयाच्या प्रसंगातून मिळतो. अमेरिकन कलावंत बिल व्हायोला (ते २०२४ साली निवर्तले) यांनी १९९५ च्या व्हेनिस येथील द्वैवार्षिक प्रदर्शनासाठी 'द ग्रीटिंग' ही कृती केली. पोन्तोर्मो या सोळाव्या शतकातील इटालियन चित्रकाराने रंगवलेल्या मरिया व अलीशिबा यांच्या भेटीच्या चित्रावर ती आधारलेली आहे. दोन स्त्रिया बोलत उभ्या आहेत. तिसरी येते, त्यांपैकी एकीला आलिंगन देते आणि तिच्या कानात काहीतरी सांगते. प्रत्यक्षात पाऊण मिनिटाचा हा प्रसंग पडद्यावर दहा मिनिटे चालतो. पहिल्यांदा पाहणाऱ्याचे लक्ष आलिंगनाकडे जाते, आणि ते स्वाभाविक आहे. पण दहा मिनिटे हा मोठा काळ असतो. हळूहळू आपली नजर त्या दुसऱ्या स्त्रीकडे सरकते. गप्पा चालू असताना तिला बाजूस सारले गेले आहे, तिच्यासमोर कुजबूज चालली आहे आणि हसावे की दूर व्हावे हे तिला कळत नाही. नव्या सुनेच्या स्वागतात थोरली जाऊ जशी उभी असते तशी. आनंदाच्या भेटीतही एक जण उपरी राहू शकते हे वेगाने पाहताना दिसत नाही. संथपणा ही या कलेची चैन नव्हे. तिचे हत्यार आहे.

आता मुंबईकडे वळू. कारण हे सारे परदेशांतून आयात झालेले खूळ आहे, असा एक समज आपल्याकडे दृढ आहे आणि तो इतिहासाला धरून नाही. १९६९ साली चित्रकार अकबर पदमसी यांनी जवाहरलाल नेहरू शिष्यवृत्तीच्या रकमेतून मुंबईत नेपियन सी रोडवरील एका सदनिकेत 'व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप' उघडले. चित्रकार, छायाचित्रकार, चित्रपटवाले यांनी एकत्र येऊन प्रयोग करावेत, असा त्यामागे हेतू होता. त्यात सर जे. जे. कलाशाळेतून नुकतीच बाहेर पडलेली एक तेवीस वर्षांची तरुणी होती, नलिनी मलानी. १९४६ साली कराचीत जन्मलेली आणि फाळणीत कुटुंबासह निर्वासित झालेली. पुढे २०२३ साली क्योटो पारितोषिकाने तिचा सन्मान झाला. पण १९६९ सालच्या त्या पहिल्या फिती पाहिल्या की ध्यानात येते, की तिचा विषय तेव्हाच ठरला होता: राहती जागा आणि त्या जागेत राहणारी स्त्री.

'ड्रीम हाउसेस' या फितीत तिने पुठ्ठ्याची घरे करून त्यांवर रंगीत प्रकाश टाकला आणि एकेक चौकट करीत ती टिपली. ते दिवस आशेचे होते. चार्ल्स कोरिया, प्रवीणा मेहता आणि शिरीष पटेल यांनी खाडीपलीकडे नवी मुंबई वसवण्याची कल्पना १९६५ सालीच मांडली होती. सामान्य माणसाला हवेशीर, उजेडाचे घर मिळेल असे शिकलेल्या तरुणांना मनापासून वाटत होते. त्या आशेचे रंग या पुठ्ठ्याच्या घरांवर पडले आहेत. १९७६ साली, आणीबाणीच्या काळात, तिने दुसरी फीत केली, तीही कृष्णधवल. त्यात एक तरुण स्त्री खिडकीशी उभी आहे आणि खाली मुंबई पसरली आहे, उंच इमारती आणि त्यांच्या पायाशी झोपड्या. पुढे या दोन्ही फिती शेजारी शेजारी दाखवून तिने त्यांना एकच नाव दिले: 'युटोपिया'. एका बाजूस रंगीत स्वप्न, दुसऱ्या बाजूस खिडकी. भाष्य काहीही नाही, आणि ते नाही हेच बरे.

१९६९ सालच्याच दुसऱ्या एका फितीविषयी काही बोलणे भाग आहे. तिचे नाव 'ओनॅनिझम'. उत्पत्तीच्या अडतिसाव्या अध्यायातील ओनान ज्यांना ठाऊक आहे ते नावापाशीच थबकतील. फितीत एक स्त्री बिछान्यात एकटी आहे, चादरीशी झटते आहे. तिच्या देहाचा ताण आणि मनाचा ताण वेगळा काढता येत नाही. माझे मत असे, की हे शीर्षक कृतीपेक्षा आरडाओरडा अधिक करते. ही फीत पॅरिशच्या सभागृहात लावण्याजोगी नाही, हेही मी मोकळेपणाने म्हणतो. परंतु तिला अश्लील म्हणणे अन्यायाचे होईल. अश्लीलतेत पाहणाऱ्याला सुख द्यायचे असते. येथे पाहणाऱ्याला कोणतेच सुख नाही. एका बंद खोलीतील एकटेपण आहे आणि त्याकडे पाहताना आपल्याला चोरट्यासारखे वाटते. तेवीस वर्षांच्या मुलीने १९६९ सालच्या मुंबईत हे चित्रित करावे, याला धैर्य लागते.

मराठी वाचकाला येथे एक योगायोग आठवावा. १९७० साली डॉ. श्रीराम लागू यांनी विजय तेंडुलकरांचे 'गिधाडे' रंगमंचावर आणले. त्यात एका घरातील माणसे एकमेकांना अक्षरशः फाडून खातात. परिनिरीक्षण मंडळाने हरकत घेतली ती त्या हिंसेपेक्षा साडीवरील रक्ताच्या लाल डागाला. तेव्हा डाग निळा करण्यात आला आणि तो लाल समजावा अशी सूचना प्रेक्षकांना देण्यात आली. एकाच शहरात, एक-दोन वर्षांच्या अंतराने, नाटककार आणि चित्रकार दोघेही घराचे दार आतून उघडू पाहत होते. तेंडुलकरांवर मराठीत ग्रंथच्या ग्रंथ लिहिले गेले. मलानींच्या या फितींवर मराठीत झालेली चर्चा त्यांच्या पासंगालाही पुरणार नाही.

मात्र मलानींचे मोठे काम या फितींत नाही. ते तीस वर्षांनी आले. १९९८ च्या मे महिन्यात पोखरणला अणुचाचण्या झाल्या, पाठोपाठ पाकिस्तानने केल्या आणि दोन्ही देशांत पेढे वाटले गेले. त्याच वर्षी मलानींनी 'रिमेंबरिंग टोबा टेक सिंग' ही कृती सिद्ध केली आणि मुंबईच्या प्रिन्स ऑफ वेल्स म्युझियममध्ये, म्हणजे आजच्या छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात, ती दाखवण्यात आली. नाव सआदत हसन मंटो यांच्या प्रसिद्ध कथेवरून घेतले आहे. फाळणीनंतर वेड्यांचीही वाटणी व्हायची ठरते आणि एक वेडा दोन्ही देशांच्या मधल्या जागेत कोसळतो, ती कथा. स्थळाची निवड मला महत्त्वाची वाटते. त्या वास्तूत कलारसिकांपेक्षा शाळेच्या सहली आणि सुटीत मुंबई पाहायला आलेली कुटुंबेच अधिक येतात.

खोलीत पत्र्याच्या ट्रंका मांडलेल्या. ट्रंकांत गोधड्या, आणि गोधड्यांत दूरचित्रवाणीचे छोटे संच. कराचीहून बोटीने आलेल्या, उल्हासनगरच्या आणि आपल्या जिल्ह्यातील देवळालीच्या छावण्यांत उतरलेल्या सिंधी कुटुंबांनी आपला संसार अशाच ट्रंकांतून आणला होता. आपल्या घरांतही माळ्यावर अशी एखादी ट्रंक असते. तिच्यात लग्नातले पातळ, मेलेल्या माणसाचा चष्मा, कर्जाचे जुने कागद असतात आणि ती सहसा उघडत नाहीत. मलानींच्या ट्रंका उघड्या आहेत. त्यांत संसाराच्या जागी युद्ध आणि निर्वासितांचे लोंढे दिसतात.

आणि समोरासमोरच्या दोन भिंतींवर दोन स्त्रिया. एक या भिंतीवर, दुसरी त्या भिंतीवर, मधे सबंध खोली आणि तीत उभे आपण. त्या दोघी मिळून एका साडीची घडी घालू पाहतात.

एवढेच. ज्याने दोन बायकांना अंगणात साडी वाळवून घडी घालताना पाहिले आहे, त्याला याहून अधिक सांगण्याची गरज नाही. दोघींनी दोन टोके धरायची, ताणायचे, झटकायचे, मग एकमेकींकडे चालत जायचे. हाताला हात लागतो, टोक टोकाला मिळते, घडी बसते. त्या कामात बहुधा सासू-सून असतात किंवा जावा-जावा. सकाळपासून अबोला असला तरी साडीच्या घडीसाठी चार पावले एकमेकींकडे चालावीच लागतात. मलानींच्या दोघींना ते चालणे नाही. भिंती हलत नाहीत. टोके मिळत नाहीत. मराठीत संसाराचीही घडीच बसते आणि घडीच विस्कटते. दोन राष्ट्रांच्या भांडणाविषयी शेकडो व्याख्यानांनी जे सांगितले नसेल ते या एका घरकामात आले आहे. घरातील भांडणाविषयीही आले आहे, असे मला वाटते. दोन खोल्यांत दोन चुली मांडलेले भाऊ आपल्या गावोगाव आहेत. ही साडी त्यांच्याही मधे धरलेली आहे.

सेमिनरीत संत थॉमस अक्विनास शिकताना सौंदर्याची तीन लक्षणे आम्ही पाठ केली होती: पूर्णता, प्रमाणबद्धता आणि तेज. त्या मापाने ही कृती पहिल्याच पायरीवर नापास व्हावी, कारण अपूर्णता हाच तिचा आशय आहे. तरीही तिसरे लक्षण तिच्यात पुरेपूर आहे. जे आहे ते स्वच्छ दिसते. अक्विनास यांना ही साडी आवडली असती की नाही, हा प्रश्न मी माझ्याहून विद्वान मंडळींवर सोपवतो.

२००३ सालची 'युनिटी इन डायव्हर्सिटी' ही कृती याच वाटेवरची. येथे मलानींनी मध्यमवर्गीय दिवाणखानाच उभा केला आहे: दिवे, भिंतीवर चौकटीतील छायाचित्रे आणि सोनेरी चौकटीत हलते चित्र. ते चित्र राजा रवि वर्मांच्या एका सुप्रसिद्ध तैलचित्रावरून सुचलेले आहे. नाना प्रांतांच्या पेहरावांतील अकरा स्त्रिया वाद्ये घेऊन मैफलीला बसल्या आहेत. भारताच्या ऐक्याचे ते जणू प्रशस्तिपत्र. मलानींच्या चौकटीत त्या मैफलीवर बंदुकीचे आवाज येऊन आदळतात. २००२ साली गुजरातेत जे घडले त्याची ती छाया आहे.

रवि वर्मांचा आणि आपल्या भिंतींचा संबंध जुना आहे. त्यांनी १८९४ साली मुंबईत छापखाना काढला, तो पुढे लोणावळ्याजवळ मळवलीला गेला आणि तेथून निघालेल्या लक्ष्मी-सरस्वती महाराष्ट्रातील घराघरांत पोचल्या. आपल्या घरांत त्याच खिळ्याच्या जागी पवित्र हृदयाची छापील तसबीर आली, खाली लाल दिवा आला. तसबीर घराला साक्षीदार देते. तिच्यासमोर जेवणे होतात, सोयरिकी ठरतात, कधी हात उगारला जातो. चौकटीतील मुद्रा बदलत नाही, आणि आपल्याला ते सोयीचे असते. मलानींनी त्या चौकटीलाच जिवंत केले. भिंतीवरच्या चित्राला घरात आणि घराबाहेर काय चालले आहे ते ऐकू येते, आणि ऐकल्यावर ते पूर्वीसारखे राहू शकत नाही. दिवाणखान्यात सुरक्षित बसून दंगलीच्या बातम्या पाहणाऱ्या प्रत्येकासाठी ही कृती आहे. मीही त्यांत आलो.

२००५ सालच्या 'मदर इंडिया' या पाच पडद्यांच्या कृतीबद्दल मात्र माझे मन दुभंगले आहे. समाजशास्त्रज्ञ वीणा दास यांच्या एका निबंधावरून ती स्फुरली. फाळणीत दोन्ही बाजूंनी मिळून सुमारे ७५,००० स्त्रिया पळवल्या गेल्या, असा अंदाज सामान्यतः दिला जातो. त्यांना परत आणण्याचे काम शासनाने हाती घेतले आणि १९४९ साली त्यासाठी कायदाही केला. काहींना परत यायचे होते, काहींना नव्हते, आणि परत आलेल्या अनेकींपुढे स्वतःच्या घराचे दार उघडले नाही. जिथे उघडले तिथेही त्याविषयी पुन्हा बोलायचे नाही, असा अलिखित करार झाला. दास यांनी दाखवले ते हे, की त्या स्त्रियांनी दुःख बोलून टाकले नाही, पोटात ठेवले. मराठीत आपण चूक पोटात घालतो आणि दुःख पोटात ठेवतो. दोन्ही वेळा पोट बहुधा बाईचेच असते.

विषय असा भेदक, आणि तरीही पाच पडदे एकाच वेळी बोलू लागले की मौनाला जागा उरत नाही. मलानींच्या अलीकडच्या कामात हा दोष वाढत गेला आहे. ख्रिस्ता वोल्फ, हायनर म्यूलर, महाश्वेता देवी, ग्रीक पुराणांतील मीडिया आणि कॅसँड्रा, सारे एकाच खोलीत दाटी करतात. ज्याने ते वाचलेले नाही त्याने करावे काय? साडी आणि ट्रंक समजायला काहीच वाचावे लागत नव्हते.

स्वयंपाकघराचे दोन नमुने सांगून पुढे जातो. अमेरिकेच्या मार्था रॉसलर यांनी १९७५ साली सहा मिनिटांची एक फीत केली: ॲप्रन बांधलेली बाई इंग्रजी वर्णमालेच्या क्रमाने एकेक भांडे उचलून दाखवते आणि ते इतक्या कोरड्या रागाने वापरून दाखवते, की पळी म्हणजे शस्त्र वाटू लागते. आपल्याकडे भांड्यांचा आवाज वाढला की घर समजते, तेच हे. बंगळूरच्या पुष्पमाला एन. यांनी २००४ साली 'राष्ट्रीय खीर आणि देशीय सॅलड' केले. आई आणि सासूबाई यांच्या पाककृतींच्या जुन्या वह्या हाच त्याचा कच्चा माल. स्वातंत्र्यानंतरच्या आदर्श चौकोनी कुटुंबाची ती गोड थट्टा आहे, आणि थट्टा असल्यामुळेच ती झोंबते. मलानींना हसता येत नाही, ही उणीव येथे जाणवते.

आणखी एक तक्रार नोंदवायची आहे आणि ती कळवणहूनच करता येईल. ही कला पाहायला मोठ्या शहरातील मोठे दालन लागते. मोबाईलवर तिचे तुकडे पाहणे म्हणजे पोस्टकार्डावर समुद्र पाहणे. पण अंतर केवळ मैलांचे नाही. 'युटोपिया'तील ती तरुणी उंच खिडकीतून खालच्या झोपड्यांकडे पाहते आणि अस्वस्थ होते. तिची अस्वस्थता खरी आहे, हे मी मान्य करतो. मात्र दृष्टी वरून खाली अशीच जाते. त्या सदनिकेत भांडी कोण घासते, लादी कोण पुसते, ती बाई चौकटीत येत नाही. आमच्या भागातील, सुरगाणा-पेठकडील कोकणा आणि भिल्ल कुटुंबे दर मोसमात घराला कुलूप लावून, किंवा कुलूप लावण्यासारखे काही नसल्याने कडी ओढून, दिंडोरी-निफाडच्या द्राक्षबागांत कामाला उतरतात. बागेच्या कडेला ताडपत्रीखाली त्यांचा संसार महिनोन् महिने चालतो. तिथेही दोघी सकाळी साडीची दोन टोके धरतात. त्यांच्याकडे कोणी कॅमेरा दिला, आणि त्यांनी तो बंगल्याच्या खिडकीकडे खालून वर धरला, तर त्या चौकटीत काय दिसेल ते मला पाहायचे आहे.